मातृपदावरील नेमणुका

१९४१ साली आचार्य अत्रे यांच्या चित्रसंस्थेने 'पायाची दासी' हा बोलपट मराठीत आणि 'चरणों की दासी' या नावाने हिंदीत काढला, तेव्हा त्यातील छळवादी सासूची भूमिका ज्या दुर्गाबाई खोटे यांनी केली, त्यांचे वय त्या वेळी छत्तीस वर्षांचे होते. नऊ वर्षांपूर्वी 'अयोध्येचा राजा'मधील तारामती म्हणून आणि पाच वर्षांपूर्वी 'अमरज्योती'त पुरुषांच्या सत्तेविरुद्ध बंड उभारणारी चाचांची म्होरकी सौदामिनी म्हणून ज्यांना प्रेक्षकांनी डोक्यावर घेतले होते, त्याच दुर्गाबाई आता सुनेच्या जन्माचे वाटोळे करणाऱ्या घरधनिणीच्या वेषात पडद्यावर आल्या. आणि ज्या सुनेचा छळ व्हायचा होता, ती सून झाल्या होत्या वनमाला. पुढे बारा वर्षांनी, १९५३ साली, त्याच अत्र्यांनी साने गुरुजींच्या 'श्यामची आई'चा चित्रपट केला, त्याला राष्ट्रपतींचे पहिले सुवर्णपदक मिळाले, आणि महाराष्ट्राच्या घराघरांत पूज्य ठरलेली ती आई झाल्या पुन्हा वनमालाच. छळ सोसणारी सून एका तपात आदर्श माता झाली. बंडखोर नायिका अर्ध्या तपात खाष्ट सासू झाली. या दोन कारकिर्दी शेजारी शेजारी ठेवून पाहिल्या, म्हणजे आपल्या चित्रपटातील प्रौढ स्त्रीचा पुढच्या सत्तर-ऐंशी वर्षांचा इतिहास कोणत्या वाटेने जाणार होता याची कल्पना येते.

तो इतिहास थोडक्यात सांगायचा तर असा की, आमच्या पडद्यावरची स्त्री वयाने प्रौढ होत नसे. प्रौढपणाच्या हुद्द्यावर तिची नेमणूक होत असे. ती नेमणूक तिच्या जन्मतारखेवर अवलंबून नसून नायकाशी असलेल्या तिच्या नात्यावर अवलंबून असे. नायकाची आई, नायिकेची सासू आणि घरातली विधवा आत्या किंवा मावशी, एवढी तीनच पदे या दप्तरात मंजूर होती, आणि त्या तिन्ही पदांची कर्तव्ये आधीच ठरलेली होती: आईने आशीर्वाद द्यावा आणि रडावे, सासूने छळावे आणि शेवटच्या रिळात पश्चात्ताप करावा, विधवेने माजघरात जपमाळ ओढावी किंवा काड्या कराव्यात.

या व्यवस्थेचे मूळ चित्रपटाच्याही आधीचे आहे. १९१३ साली दादासाहेब फाळके यांनी 'राजा हरिश्चंद्र' काढला तेव्हा तारामतीच्या भूमिकेसाठी त्यांना स्त्री मिळाली नाही आणि अण्णा साळुंके या तरुणाला लुगडे नेसवावे लागले, हे सर्वश्रुत आहे. त्याच वर्षीच्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये मात्र दुर्गाबाई कामत यांनी पार्वतीचे आणि त्यांची कन्या कमलाबाई (पुढच्या कमलाबाई गोखले) यांनी मोहिनीचे काम केले. म्हणजे भारतीय चित्रसृष्टीच्या दाराचा उंबरठा प्रथम ओलांडणाऱ्या दोन स्त्रियांपैकी एक प्रत्यक्ष आयुष्यात आई होती, आणि लेकीचे बोट धरून ती त्या दारातून आत शिरली होती. परंतु संसारी, कमावत्या, निंदेची पर्वा न करणाऱ्या अशा आईची गोष्ट पडद्यावर यावी, असे पुढे कितीतरी वर्षे कोणाच्या मनात आले नाही.

'प्रभात'च्या सुवर्णकाळाकडे पाहिले तरी हीच गोष्ट दिसते, आणि तीही अशा चित्रपटात दिसते की ज्याच्या पुरोगामित्वाबद्दल शंका घ्यायला जागा नाही. नारायण हरी आपटे यांच्या 'न पटणारी गोष्ट' या कादंबरीवरून व्ही. शांताराम यांनी १९३७ साली 'कुंकू' काढला. शांता आपटे यांची नीरा जरठविवाहाविरुद्ध पाय रोवून उभी राहिली, केशवराव दाते यांच्या काकासाहेबांच्या मनातील ओढाताण दिग्दर्शकाने भिंतीवरच्या जुन्या घड्याळाच्या टोल्यांतून ऐकवली, आणि या वृद्ध पुरुषाच्या अंतःकरणाचा सहानुभूतीने पंचनामा झाला. परंतु त्याच वाड्यात राहणारी, तेवढीच वर्षे उन्हाळे-पावसाळे खाल्लेली जी काकू होती, तिच्या अंतःकरणात डोकावण्याची गरज त्या थोर दिग्दर्शकालाही भासली नाही. ती कटकट्या, कारस्थानी म्हातारीच राहिली. वृद्ध पुरुषाला मन होते, वृद्ध स्त्रीला फक्त स्वभाव होता. 'प्रभात'नेच आदल्या वर्षी 'संत तुकाराम'मध्ये गौरी यांच्या रूपाने रोजच्या भाकरीची चिंता वाहणारी आणि प्रत्यक्ष पांडुरंगालाच जाब विचारणारी जिजाई उभी केली होती, हा त्या काळचा सन्माननीय अपवाद. पण तिच्या भांडणाचे समर्थन करायला घरात उपाशी लेकरे होती. केवळ स्वतःसाठी भांडण्याचा अधिकार प्रौढ स्त्रीला मिळायला अजून बराच अवकाश होता.

या सगळ्या नेमणुकांत सर्वांत क्रूर नेमणूक झाली ती ललिता पवार यांची, आणि तीत तर पटकथाकाराचाही हात नव्हता. नाशिक जिल्ह्यातील येवल्याच्या या मुलीने मूकपटांच्या काळापासून नायिकेची कामे केली होती. १९४२ साली 'जंग-ए-आझादी'च्या चित्रीकरणात भगवानदादांनी प्रसंगानुसार मारलेली चपराक इतकी जोरात बसली की त्यांच्या चेहऱ्याची एक बाजू लुळी पडली आणि डाव्या डोळ्यात कायमचा दोष राहिला. तीनेक वर्षांच्या उपचारांनंतर त्या परत आल्या तेव्हा नायिकेचे दार बंद झाले होते, वय तिशीच्या आतबाहेर होते, आणि तो बारीक झालेला डोळा खाष्टपणाचा दाखला म्हणून चित्रसृष्टीने रुजू करून घेतला. शांतारामांच्या 'दहेज'मध्ये त्यांनी हुंड्यासाठी सुनेला छळणारी सासू अशी काही रंगवली की पुढच्या तीन पिढ्यांतील लेकीबाळींना सासू म्हटले की ललिताबाईंचाच चेहरा आठवावा. आणि १९८७ साली दूरदर्शनवर 'रामायण' सुरू झाले तेव्हा मंथरा कोण होणार, हे विचारण्याची आवश्यकताच उरली नव्हती.

तथापि याच ललिताबाईंच्या दोन भूमिका मुद्दाम जवळ जाऊन पाहण्याजोग्या आहेत. 'श्री ४२०'मधील केळेवाली गंगामाई आणि १९५९ सालच्या 'अनाडी'मधील घरमालकीण मिसेस डिसा, या दोघींपैकी कोणीही नायकाची आई नाही. गंगामाई रस्त्यावर बसून केळी विकते, येणाऱ्या-जाणाऱ्याला तोंडाळपणे झापते आणि उपाशी पोराला पोटाला काही मिळाले की नाही हेही पाहते. मिसेस डिसा भाड्यासाठी कडाडते, नायकाच्या भोळेपणावर चिडते, त्याला लागेल तसा चोरून हात देते, आणि भेसळीच्या औषधाने तिचा मृत्यू होतो तेव्हा चित्रपटाचा सारा नैतिक भार त्या एका मृत्यूवर येऊन पडतो. या भूमिकेबद्दल ललिताबाईंना फिल्मफेअर पारितोषिक मिळाले, ते सर्वस्वी योग्य होते. या दोघी स्वतःच्या कमाईवर जगतात, कोणाच्या संमतीवाचून बोलतात आणि कोणाच्याही घरच्या सासू नाहीत. आमच्या पटकथाकारांना प्रौढ स्त्री स्वतंत्र दाखवायची झाली की तिला कुटुंबाबाहेर, बहुधा फुटपाथवर किंवा परधर्मातच नेऊन बसवावे लागे, हे त्यातील मर्म आहे. माजघरातील स्त्रीला तेवढे स्वातंत्र्य देण्याची कोणाची छाती होत नव्हती.

माजघरातील स्त्री मग झाली तरी कशी? ती झाली सुलोचनादीदींसारखी. कोल्हापूरच्या 'जयप्रभा' स्टुडिओत भालजी पेंढारकरांच्या हाताखाली तयार झालेल्या या अभिनेत्रीने 'वहिनींच्या बांगड्या'तील वहिनी, 'मोलकरीण'मधील आई, 'मराठा तितुका मेळवावा'मधील जिजाबाई अशी सोज्ज्वळपणाची एक परंपराच निर्माण केली, आणि हिंदीने ती परंपरा घाऊक भावात उचलली. त्यांचा जन्म १९२८ सालचा. 'जॉनी मेरा नाम'मध्ये ज्या देव आनंद यांच्या त्या आई झाल्या, त्यांचा जन्म १९२३ सालचा. हा हिशेब काही त्यांच्यापुरता नाही. 'मदर इंडिया'तील नर्गिस आणि तिचा बंडखोर मुलगा झालेले सुनील दत्त हे दोघेही १९२९ सालच्या जून महिन्यात जन्मलेले, आणि चित्रपट प्रदर्शित झाल्यावर पुढच्याच वर्षी ते पतिपत्नी झाले. 'कभी कभी'मध्ये अमिताभ बच्चन यांच्या प्रेयसी असलेल्या राखी सहा वर्षांनी 'शक्ती'त त्यांच्याच मातोश्री झाल्या, आणि मुलापेक्षा आई पाच वर्षांनी लहान होती. रीमा लागू यांनी 'मैंने प्यार किया'मध्ये आईच्या पदाचा कार्यभार स्वीकारला तेव्हा त्या एकतीस वर्षांच्या होत्या. दहा वर्षांनी 'वास्तव'मध्ये त्या ज्या संजय दत्त यांच्या आई झाल्या, ते त्यांच्याहून एकाच वर्षाने लहान. लीला चिटणीस यांनी १९३९ साली 'कंगन'मध्ये अशोककुमारांची नायिका म्हणून देश वेडा केला, आणि दशक उलटण्याच्या आतच त्यांच्या हाती खोकण्याचे आणि पोराची वाट पाहण्याचे काम आले.

याची कारणे शोधायला फार खोल जावे लागत नाही. नायकाची मुदत चाळिशीपुढे, पन्नाशीपुढे वाढत गेली आणि नायिकेची तिशीत संपत गेली. नायक तरुण दिसावा म्हणून त्याच्या शेजारी तरुण नायिका लागे, आणि आईही फार म्हातारी दिसून चालत नसे, कारण खरी सत्तर वर्षांची आई शेजारी उभी केली तर पन्नाशीच्या चिरंजीवांचे बिंग फुटले असते. शिवाय भांडवल पुरवणारा नायकाच्या नावावर पैसे लावी. आईच्या नावावर कोणी हुंडी वटवत नसे. म्हणून कानशिलांवर पांढरी पूड, अंगावर पांढरे पातळ, समोर शिवणयंत्र आणि ओठांवर मुलाचे नाव, एवढ्या सामग्रीवर तिशीतली बाई साठीची करून दिली जाई. १९७५ सालच्या 'दीवार'मध्ये निरुपा रॉय यांनी डोक्यावर विटा वाहून दोन मुलगे वाढवले. परंतु मुलगे मोठे होताच ती कष्टाळू बाई कथेच्या दृष्टीने संपली आणि आई कोणाकडे राहते हाच दोन भावांच्या दाव्यातला कळीचा मुद्दा होऊन बसला. तिला स्वतःला काय वाटते, हे फक्त देवळाच्या पायऱ्यांना ठाऊक.

मराठीत या रडक्या परंपरेला एक खणखणीत छेद देणारी आई १९७१ साली आली, ती दादा कोंडके यांच्या 'सोंगाड्या'तील रत्नमाला यांची 'आये'. ही आई पदर डोळ्यांना लावत नाही, कमरेला खोचते. पोराला शिव्या घालते, प्रसंगी बडवते, आणि त्याचा भोळेपणा जितका त्याला संकटात घालतो तितकी त्याच्यामागे भक्कम उभी राहते. विद्वानांनी या चित्रपटांना ग्राम्य म्हणून नाक मुरडले, पण शेतात राबणाऱ्या आणि गावच्या चावडीला न बिचकणाऱ्या प्रौढ मराठी बाईचे खरे वळण, तिची बोलण्याची धाटणी आणि तिचा हशा, हे सगळे त्या आयेत जितके उतरले तितके अनेक पुरस्कारप्राप्त चित्रपटांत उतरले नाही.

ऐंशीचे दशक उजाडले आणि निराळ्या जातीची प्रौढ स्त्री दिसू लागली. त्यामागे रंगभूमीवर मुरलेल्या स्त्रिया होत्या, आणि त्यांच्यापैकी काहींच्या हाती दिग्दर्शनाची सूत्रे होती. विजयाबाई मेहता यांनी लक्ष्मीबाई टिळकांच्या 'स्मृतिचित्रे'वर छोट्या पडद्यासाठी चित्रपट केला आणि सुहास जोशी यांनी लक्ष्मीबाई साकारल्या. एका प्रौढ बाईने आपले आयुष्य आपल्या तोंडाने आणि आपल्या विनोदबुद्धीने सांगावे, ही घटना पडद्याला नवी होती. पाठोपाठ जयवंत दळवी यांच्या नाटकावरील 'रावसाहेब'मध्ये स्वतः विजयाबाईंनी विधवा मावशीचे काम केले. ही मावशी म्हणजे 'कुंकू'तील काकूचीच वारसदार. परंतु अर्धे शतक मध्ये गेल्यावर दिग्दर्शिकेने तिला मन बहाल केले होते, आणि वाड्यातील तरुण विधवेच्या आयुष्याचे आपल्यासारखे मातेरे होऊ नये असे तिला वाटत होते. या भूमिकेला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. १९८४ सालच्या 'सारांश'मध्ये रोहिणी हट्टंगडी यांची पार्वती प्रधान आली. परदेशात मारल्या गेलेल्या मुलाचा पुनर्जन्म घरात राहणाऱ्या मुलीच्या पोटी होणार, या श्रद्धेला ती ज्या चिवटपणे धरून बसते, त्यात आईचे कढ आहेतच. पण नवऱ्याच्या विवेकवादाशी होणारा तिचा झगडा हा दोन समान व्यक्तींचा झगडा आहे. तो चित्रपट वृद्ध दांपत्याचा आहे, वृद्ध पुरुषाचा नव्हे.

तरीही या तुरळक सनदा होत्या. खरा बदल आणला तो दिवाणखान्यातल्या खोक्याने, आणि आरंभी त्याचे कारण कलात्मक नव्हते, व्यापारी होते. चित्रगृहाचे तिकीट घरातला तरुण काढी. पण संध्याकाळी सात ते दहा या वेळात दूरचित्रवाणीसमोर बसणारी प्रेक्षक ही मुख्यतः गृहिणी होती, आणि तिला स्वतःच्या वयाचे माणूस पाहायचे होते. १९९४ साली सचिन पिळगावकर यांच्या 'तू तू मैं मैं'मध्ये रीमा लागू आणि सुप्रिया यांनी सासू-सुनेचे भांडण बरोबरीच्या दोन गड्यांच्या कुस्तीसारखे खेळवले. १९९९ साली 'अल्फा मराठी'वर 'आभाळमाया' आली आणि सुकन्या कुलकर्णी यांची सुधा जोशी, नवऱ्याच्या प्रतारणेनंतरही आपला संसार, आपली नोकरी आणि आपला स्वाभिमान सांभाळणारी प्राध्यापिका, ही मराठी घरांतील नित्याची पाहुणी झाली. २००१ साली 'ई टीव्ही मराठी'वर सुरू झालेल्या 'चार दिवस सासूचे'ने तर तीन हजारांहून अधिक भाग मिळवले, आणि त्या साऱ्या पसाऱ्याचा खांब होत्या रोहिणी हट्टंगडी यांच्या आशाताई देशमुख. देशमुखांच्या घराण्याची मुखत्यारी सासूकडे होती आणि सासू सज्जन होती, एवढ्या एका फरकाने ललिताबाईंच्या सासूचे पन्नास वर्षांचे वतन खालसा झाले.

या मालिकांनी नुकसानही पुष्कळ केले. भरजरी साड्या, दर मिनिटाला कपाळावर आदळणारा कॅमेरा आणि कारस्थानाचा अखंड रतीब यांनी प्रौढ स्त्री एकतर देवी नाहीतर कैदाशीण होऊन बसली, हे खोटे नाही. परंतु त्याच चिखलातून २०१९ साली 'झी मराठी'वर 'अग्गंबाई सासूबाई' उगवली, तिची दखल समाजेतिहासाच्या अभ्यासकानेही घ्यावी. निवेदिता सराफ यांची आसावरी ही विधवा, मुलासाठी आणि सासऱ्यासाठी आयुष्य झिजवलेली, स्वतःची आवडनिवड विसरलेली बाई. आणि तिचे दुसरे लग्न लावून देण्यासाठी पुढाकार घेते ती तिची सून. विधवाविवाहाचा कायदा १८५६ सालचा, आणि महर्षी कर्व्यांनी गोदूबाईंशी पुनर्विवाह केला तो १८९३ साली; परंतु त्या सुधारणेच्या कक्षेत तरुण विधवा होती. मोठ्या मुलाच्या आईलाही पुन्हा सोबत हवीशी वाटू शकते, हे मराठी घरांत रोज रात्री जेवणाच्या ताटावर बोलले जायला २०१९ साल उजाडावे लागले. त्याच वर्षाच्या अखेरीस सुरू झालेल्या 'आई कुठे काय करते!'मधील अरुंधतीने घटस्फोटाचा, स्वतःच्या कमाईचा आणि नव्या जोडीदाराचा विषय त्याच ताटांवर आणून ठेवला.

मोठ्या पडद्याला जाग आली ती मालिकांनी ही वाट पाडल्यानंतर. २०१० साली 'मी सिंधुताई सपकाळ'मध्ये तेजस्विनी पंडित यांनी तरुण आणि त्यांच्या मातोश्री ज्योती चांदेकर यांनी प्रौढ सिंधुताई साकारली, तेव्हा तिशीतल्या बाईच्या कानशिलांना पूड लावण्याची जुनी रीत एकदा तरी बाजूला पडली. २०२१ साली 'झिम्मा'ने निरनिराळ्या वयांच्या बायका नवऱ्या-मुलांवाचून लंडनच्या सहलीला पाठवल्या, आणि निर्मिती सावंत यांच्या गावाकडच्या गृहिणीला आपल्या नवऱ्याच्या हुकुमाबाहेर चार दिवस काढताना पाहून चित्रगृहे हसली आणि हळवीही झाली. २०२३ सालच्या ४ जूनला सुलोचनादीदींचे निधन झाले; त्याच महिन्याच्या ३० तारखेला केदार शिंदे यांचा 'बाईपण भारी देवा' प्रदर्शित झाला. एकमेकींशी अबोला धरलेल्या सहा बहिणी, मंगळागौरीची स्पर्धा, आणि त्या निमित्ताने उकलत जाणारे प्रत्येकीचे दुखणे: कोणाची नोकरी, कोणाचा मोडलेला संसार, कोणाचे वय. नऊवारी नेसून, मैत्रिणींचे जथे करून बायका चित्रगृहांत आल्या, पडद्यासमोर फुगड्या खेळल्या, आणि पाऊणशे कोटींच्या वर गल्ला जमवून त्यांनी एक जुना हिशेब चुकता केला. आईच्या नावावर हुंडी वटत नाही, असे म्हणणाऱ्या बाजाराला ती वटवून दाखवली. 'झिम्मा'ची पटकथा इरावती कर्णिक यांची आणि 'बाईपण भारी देवा'ची वैशाली नाईक यांची आहे, हे येथे मुद्दाम नमूद केले पाहिजे. कारण लेखणी बायकांच्या हाती गेल्यावाचून हे घडते ना.

म्हणून समाधान मानायचे का? अंशतः मानावे. परंतु आज जी प्रौढ स्त्री पडद्यावर स्वतःच्या नावाने ओळखली जाते, ती बहुतांशी पांढरपेशी, शहरातली, केसांना कलप लावू शकणारी आणि विमानाचे तिकीट परवडणारी आहे. ऊसतोडीच्या फडात साठीनंतरही मोळी उचलणारी, गिरणी बंद पडल्यावर चाळीत डबे करून नातवंडे शिकवणारी, आत्महत्या केलेल्या शेतकऱ्याच्या मागे सातबारा हाती घेऊन तलाठ्याच्या कचेरीत हेलपाटे घालणारी म्हातारी अजून नायिका झालेली नाही. ती आली तरी दुसऱ्याच्या दुःखाची साक्षीदार म्हणूनच येते. चाळिशी ओलांडलेल्या नायकाला तिशीतली नायिका देण्याची प्रथाही बंद पडलेली नाही. ज्या चित्रसृष्टीने छत्तीस वर्षांच्या दुर्गाबाईंना सासू केले, तिने त्यांना दादासाहेब फाळके पुरस्कार दिला तो १९८३ सालचा. आणि उतारवयात त्याच दुर्गाबाईंच्या निर्मितीसंस्थेने दूरदर्शनला 'वागले की दुनिया' दिली. म्हणजे कर्तृत्वाची वाण कधीच नव्हती, वाण होती ती भूमिकांची. ती भरून काढायची असेल तर लेखकांनी एवढेच करावे: प्रौढ स्त्रीचे पात्र लिहायला घेताना ती कोणाची कोण, हा प्रश्न क्षणभर बाजूला ठेवावा आणि तिला काय हवे आहे, हे आधी लिहून काढावे.